डब्यातली फीत, पडद्यावरचा पुरावा

जुन्या चित्रफितींमध्ये माणसे तुरुतुरु चालतात, घोडागाड्या भिरभिरत निघून जातात आणि एखादा भारदस्त पुढारीसुद्धा टोपी काढून अभिवादन करताना विदूषकासारखा दिसतो. त्या काळची माणसे अर्थातच अशी चालत नव्हती. मूकपटांच्या काळात कॅमेऱ्याचा दांडा बहुधा हाताने फिरवला जाई आणि सेकंदाला साधारण १६ ते १८ चित्रे टिपली जात. पुढे बोलपट आला आणि सेकंदाला २४ चित्रे हा वेग कायम झाला. सोळाच्या वेगाने टिपलेली फीत चोवीसच्या वेगाने दाखवली की एका मिनिटाचा प्रसंग चाळीस सेकंदांत उरकतो. आपल्या पणजोबांच्या पिढीला हास्यास्पद बनवण्याचे काम, थोडक्यात, प्रक्षेपण यंत्राने केले, आणि आपण मात्र ‘जुना काळ असाच दिसायचा’ असे मनाशी धरून बसलो. जुने चित्रण नव्या चित्रपटात येते तेव्हा ते जसेच्या तसे कधीच येत नाही, ही गोष्ट या साध्या उदाहरणातूनही ध्यानात यावी.

चित्रपट-व्यवसायात ज्याला सरसकट ‘आर्काइव्ह फुटेज’ म्हणतात, ते म्हणजे आधी कोणीतरी, वेगळ्या कारणासाठी टिपलेले आणि आता नव्या चित्रपटात वापरले जाणारे चित्रण. त्यात वृत्तपट येतात, सरकारी अनुबोधपट येतात, दूरचित्रवाणीच्या बातम्या येतात, लग्नमुंजीची घरगुती चित्रणे येतात आणि चित्रपटातून कापून टाकलेले, कोणी सांभाळून ठेवले म्हणून वाचलेले तुकडेही येतात. आपल्याकडे याचा मोठा साठा फिल्म्स डिव्हिजनकडे जमला. १९४८ साली स्थापन झालेल्या या संस्थेचे वृत्तपट चित्रपटगृहांना मुख्य चित्रपटाआधी दाखवावेच लागत, त्यामुळे धरणांची उद्घाटने, पूर, दुष्काळ आणि परदेशी पाहुण्यांचे स्वागत हे सारे मध्यमवयीन प्रेक्षकांनी पॉपकॉर्नच्या आधीचा कंटाळा म्हणून पाहिलेले आहे. त्याच कंटाळवाण्या रिळांना आज माहितीपटकार हात जोडून शोधत असतात.

साठा म्हटला की त्यात सगळे असणार असे आपण गृहीत धरतो. तसे नसते. ब्रिटिश सरकारने युद्धकाळात प्रचारासाठी सुरू केलेला चित्रण-विभाग १९४६ साली बंद पडला आणि फिल्म्स डिव्हिजन १९४८ मध्ये उभी राहिली. या दोहोंच्या मधल्या पोकळीत १५ ऑगस्ट १९४७ येऊन गेला. देश स्वतंत्र होत असताना सरकारपाशी स्वतःचे वृत्तपट-पथक नव्हते. त्या दिवसांचे जे चित्रण आज आपण पाहतो ते खासगी भारतीय छायाचित्रकारांमुळे आणि परदेशी वृत्तपट-कंपन्यांमुळे उरले. कॅमेरा कोणाच्या हातात होता, त्याला पैसे कोण देत होते आणि त्या दिवशी तो तिथे का होता, हे प्रश्न म्हणूनच प्रत्येक जुन्या चित्रणाला विचारावे लागतात.

महाराष्ट्रातले एक उदाहरण या संदर्भात फार बोलके आहे. ६ डिसेंबर १९५६ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे दिल्लीत निधन झाले, पार्थिव विमानाने मुंबईला आणले गेले आणि ७ डिसेंबरला दादरच्या चौपाटीवर, आज जिथे चैत्यभूमी आहे तिथे, अंत्यसंस्कार झाले. त्या अंत्ययात्रेचे चित्रण मराठी लेखक व चित्रपटकर्मी नामदेवराव व्हटकर यांनी पदरचे पैसे घालून केले. त्या काळी कच्ची फिल्म महाग होती, कॅमेरा भाड्याने मिळवावा लागे आणि एकदा यात्रा पुढे सरकली की ‘पुन्हा एकदा’ म्हणायची सोय नव्हती. ३५ मिलिमीटर फिल्मचे हजार फुटांचे रीळ अकरा मिनिटांत संपते. बरोबर नेलेली फिल्म कुठे वापरायची आणि कुठे बटण सोडून नुसते बघत राहायचे, हा हिशेब छायाचित्रकाराला त्या गर्दीत उभे राहून करावा लागला असणार. आज बाबासाहेबांवरच्या कार्यक्रमात माणसांचा तो अथांग समुद्र काही सेकंद पडद्यावर येतो आणि निवेदक पुढे सरकतो. त्या काही सेकंदांच्या मागे एका माणसाने, कोणीही सांगितलेले नसताना, हे टिपले पाहिजे असा घेतलेला निर्णय आहे, हे मात्र पडद्यावर दिसत नाही.

जुने चित्रण नव्या चित्रपटात नेमके काय काम करते, याचे रूढ उत्तर ‘पुरावा’ असे आहे. हे उत्तर चुकीचे नाही, पण अपुरे आहे. १९२७ साली रशियात एस्फिर शूब या संकलिकेने रोमानोव्ह राजघराण्याच्या पाडावावर एक चित्रपट केला. तिने नवे चित्रण जवळजवळ केले नाही. तळघरांत पडलेली सुमारे ६०,००० मीटर फिल्म तपासली. तिच्यात वृत्तपट होते आणि खुद्द झारच्या दरबारी छायाचित्रकारांनी टिपलेली राजघराण्याची चित्रणेही होती. राजाची शान दाखवण्यासाठी केलेले ते चित्रण होते. शूबने त्यात काही खाडाखोड केली नाही. तिने फक्त उच्चभ्रूंच्या नाचगाण्याच्या दृश्याशेजारी राबणाऱ्या मजुरांचे दृश्य ठेवले आणि मध्ये चार शब्दांची पाटी घातली. तीच फीत, तेच चेहरे. पण आधी ज्या दृश्यात वैभव दिसत होते तिथे आता माज दिसू लागला. इतरांनी टिपलेल्या तुकड्यांतून स्वतःचे म्हणणे मांडणाऱ्या चित्रपटांची परंपरा बहुतेक अभ्यासक इथपासूनच मोजतात. चित्रणात जे दिसते ते छायाचित्रकाराचे असते, त्याचा अर्थ मात्र बऱ्याच अंशी संकलकाच्या टेबलावर ठरतो.

कधी कधी हा अर्थ कोणी बदलतही नाही, काळच बदलतो. आनंद पटवर्धन यांनी १९८५ च्या आपल्या मुंबईवरच्या माहितीपटासाठी झोपडपट्टीतल्या माणसांचे चित्रण केले, त्यात शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसे मारली गेली आणि त्यानंतर काही दिवसांतच घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांनी पुढे चौदा वर्षे चित्रण करून २०११ साली ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण केला, तेव्हा तेच जुने गाणे त्यात परत आले. १९८५ मध्ये ते एका शहराच्या अन्यायाबद्दलचे गाणे होते. २०११ मध्ये ते गाणारा माणूस उरलेला नाही हे ठाऊक असताना आपण ते ऐकतो. फिल्मवरचा एक कणही बदललेला नाही, तरी दृश्य पार वेगळे झाले आहे. स्वतःचे जुने काम जपून ठेवणाऱ्या दिग्दर्शकालाच हे शक्य होते, आणि आपल्याकडे अशी जपणूक करणारे थोडे आहेत, हेही इथेच सांगितलेले बरे.

आता या सगळ्याची काळी बाजू. १९१७ साली पेट्रोग्राडमध्ये क्रांतिकारकांनी हिवाळी राजवाडा ताब्यात घेतला, तेव्हा तिथे कॅमेरा नव्हता. दहा वर्षांनी सर्गेई आयझेन्स्टाइन यांनी ‘ऑक्टोबर’ या चित्रपटासाठी तो प्रसंग नव्याने उभा केला. त्यात फाटकांवर चढणारा जो प्रचंड जमाव दिसतो तसा काही प्रत्यक्षात घडला नव्हता. पण पुढच्या अनेक माहितीपटांत आणि पुस्तकांत हीच दृश्ये खऱ्या क्रांतीची म्हणून वापरली गेली. कृष्णधवल आहे, दाणेदार आहे, माणसे धावत आहेत, मग खरेच असणार, अशी आपल्या डोळ्यांची समजूत होते. रिचर्ड अ‍ॅटनबरो यांच्या ‘गांधी’मधला अंत्ययात्रेचा प्रसंग ३१ जानेवारी १९८१ रोजी दिल्लीत तीन लाखांवर माणसे जमवून चित्रित झाला, तो रंगीत आहे म्हणून बरे, नाहीतर १९४८ चे चित्रण म्हणून तो एव्हाना कितीतरी कार्यक्रमांत जाऊन बसला असता.

याहून भीषण उदाहरण वॉर्साचे आहे. मे १९४२ मध्ये नाझींच्या चित्रण-पथकाने तिथल्या ज्यू वस्तीत सुमारे महिनाभर चित्रण केले. महायुद्धानंतर पूर्व जर्मनीच्या संग्रहात त्याची तासाभराची, बिनआवाजाची, अर्धवट फिल्म सापडली. तीत एकीकडे चांगले कपडे घातलेली, हॉटेलात जेवणारी माणसे दिसतात आणि दुसरीकडे रस्त्यावर भुकेने मरणारी मुले. कित्येक वर्षे हे तुकडे वस्तीतल्या जीवनाचा अस्सल दस्तऐवज म्हणून माहितीपटांत वापरले जात होते. १९९८ साली त्याच चित्रणातून वगळलेले आणखी एक रीळ हाती आले. त्यात तोच प्रसंग पुन्हा पुन्हा घेतलेला दिसतो: नीटनेटकी बाई भिकाऱ्याजवळून निर्विकारपणे चालत जाते, मग परत फिरते, परत तशीच चालत जाते, एका कोपऱ्यात दुसऱ्या छायाचित्रकाराचा कॅमेरा डोकावतो. ज्यूच ज्यूंबद्दल किती निर्दय आहेत हे दाखवण्यासाठी रचलेले ते नाटक होते, आणि नाटकातली उपासमार मात्र पूर्णपणे खरी होती. इस्रायली दिग्दर्शिका याएल हेर्सोन्स्की यांनी २०१० साली याच फिल्मवर एक चित्रपट केला. त्यात त्या वस्तीतून वाचलेल्या वृद्धांना हे चित्रण दाखवले जाते आणि ते पाहतानाचे त्यांचे चेहरे आपण पाहतो. एका वाक्यात ‘हे खोटे आहे’ किंवा ‘हे खरे आहे’ म्हणून मोकळे होता येत नाही, अशा चित्रणाचे काय करायचे याचा इतका नेमका धडा मी दुसरीकडे पाहिलेला नाही.

म्हणूनच जबाबदार चित्रपटकार फुटेज हाती आल्यावर आधी ते ओळखण्याच्या मागे लागतात. हे काम हेरगिरीसारखे असते. मूळ फिल्म असेल तर तिच्या कडेला पाहतात. कोडॅक कंपनी आपल्या फिल्मच्या कडेवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणा छापत असे आणि त्यांवरून फिल्म कोणत्या वर्षी तयार झाली ते कळते, फक्त खुणा वीस वर्षांनी पुन्हा फिरून येत असल्याने १९२६ की १९४६ हे दुसऱ्या कशावरून तरी ठरवावे लागते. डब्यावरची चिठ्ठी वाचतात, पण तिच्यावर विश्वास ठेवत नाहीत, कारण डबे बदललेले असतात. मग दृश्यातच उत्तरे शोधतात. समजा, मुंबईतल्या रस्त्याचे एक बेनाव दृश्य आहे. मधोमध ट्राम धावते आहे, म्हणजे ते ३१ मार्च १९६४ च्या आधीचे, कारण त्या रात्री मुंबईची शेवटची ट्राम धावली. मागे चित्रपटाचे पोस्टर लागले आहे. ते वाचता आले तर वर्ष जवळजवळ हाती येते. पाऊस पडून गेलेला आहे की नाही, सावल्या किती लांब आहेत, पोलिसाच्या अंगावर कोणता गणवेश आहे, असे करत करत ‘साधारण चाळीसचे दशक’ हे ‘१९४७ नंतरचे’ होते आणि दिग्दर्शकाच्या पटकथेतले ‘१९४२ चे आंदोलन’ तिथल्या तिथे कोसळते. अशा वेळी ते दृश्य गाळायचे, की पडद्यावर खरे वर्ष लिहायचे, की कोणाला कळणार आहे म्हणून पुढे जायचे, हा प्रश्न उरतो. तिसरा मार्ग किती जण घेतात हे बातम्यांच्या वाहिन्या पाहणाऱ्याला वेगळे सांगायला नको.

आवाजाबद्दल तर प्रेक्षक सहसा विचारच करत नाही. वृत्तपटांसाठी रस्त्यावर टिपलेले बरेचसे जुने चित्रण मुके असते. त्यातल्या घोषणा, टापांचा आवाज, इंजिनाची शिट्टी हे सारे नंतर, ध्वनिमुद्रण-कक्षात बसून घातलेले असते. न्यूझीलंडचे दिग्दर्शक पीटर जॅक्सन यांनी २०१८ साली पहिल्या महायुद्धावर केलेल्या चित्रपटात ब्रिटनच्या इम्पीरियल वॉर म्युझियममधील चित्रण घेतले, त्याचा वेग सुधारला, रंग भरले, आणि सैनिक काय बोलत आहेत हे ओठांच्या हालचाली वाचणाऱ्या तज्ज्ञांकडून समजून घेऊन ती वाक्ये अभिनेत्यांकडून म्हणवून घेतली. तुरुतुरु चालणारी ती मुले अचानक आपल्या गल्लीतल्या पोरांसारखी चालू लागतात तेव्हा अंगावर काटा येतो. मात्र सोळाच्या वेगाचे चित्रण चोवीसवर आणायचे तर दर सेकंदाला आठ चित्रे कमी पडतात आणि ती संगणक तयार करतो. गणवेशाचा रंग अभ्यासाने ठरवता येतो, पण एखाद्या सैनिकाच्या डोळ्यांचा रंग कसा ठरवणार? जॅक्सन यांनी आपण काय केले ते उघडपणे सांगितले, म्हणून त्यांच्या कामावर चर्चा तरी करता येते. कृत्रिम बुद्धिमत्तेने ‘जुने’ चित्रण मुळापासूनच बनवता येऊ लागल्यापासून ही गोष्ट गंभीर झाली आहे. अमेरिकेतील आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्स या व्यावसायिकांच्या संघटनेने २०२४ मध्ये यासाठी मार्गदर्शक तत्त्वे जाहीर केली, आणि त्यांतला मुख्य आग्रह हाच आहे की बनवलेले काय आणि सापडलेले काय, हे प्रेक्षकाला कळले पाहिजे.

कथापटात हा आग्रह कोणी धरत नाही, आणि तिथे जुन्या चित्रणाशी खेळणे हा मान्य प्रकार आहे. १९९४ च्या ‘फॉरेस्ट गम्प’मध्ये टॉम हँक्स अध्यक्ष केनेडींशी हस्तांदोलन करतो ते खऱ्या वृत्तचित्रणात त्याला बसवूनच. प्रेक्षकाला ही गंमत ठाऊक असते. अडचण येते ती ऑलिव्हर स्टोन यांच्या, केनेडींच्या हत्येवरच्या १९९१ च्या ‘जेएफके’सारख्या चित्रपटात, जिथे खरे चित्रण आणि त्याच पोताचे नव्याने केलेले चित्रण इतक्या वेगाने एकापाठोपाठ येते की कोणते कुठले हे डोळ्यांना ठरवता येत नाही.

केनेडींच्या हत्येचे ते खरे चित्रण अब्राहम झाप्रुडर या डॅलसमधील कपडे-व्यावसायिकाने आपल्या घरगुती ८ मिलिमीटर कॅमेऱ्याने केले होते. ४८६ चित्रे, म्हणजे जेमतेम २६ सेकंद. मूळ फिल्म सरकारने ताब्यात घेतल्याबद्दल १९९९ साली लवादाने त्यांच्या वारसांना १.६ कोटी डॉलर देवविले. हा आकडा अपवादात्मक असला तरी जुने चित्रण ही मालमत्ता आहे हे त्यातून कळते. फुटेजचा परवाना सहसा सेकंदाच्या किंवा मिनिटाच्या हिशेबाने, ठरावीक वर्षांसाठी, ठरावीक देशांसाठी आणि ठरावीक माध्यमासाठी मिळतो. चित्रपटगृहासाठी घेतलेला परवाना ओटीटीला चालत नाही. अमेरिकेतील नागरी हक्क चळवळीवरची ‘आईज ऑन द प्राइझ’ ही गाजलेली मालिका अशाच परवान्यांची मुदत संपल्यामुळे वर्षानुवर्षे पुन्हा दाखवता आली नाही. पैसे उभे करून परवाने नव्याने मिळवल्यावर २००६ साली ती परत आली. भारतीय कायद्यानुसार चित्रपटावरचा स्वामित्वहक्क प्रकाशनानंतरच्या वर्षारंभापासून ६० वर्षे टिकतो, म्हणजे १९५६ साली प्रदर्शित झालेला वृत्तपट २०१७ पासून हक्कमुक्त झाला. पण हक्क मोकळा झाला म्हणून रीळ हाती येत नाही. ते ज्याच्या कपाटात आहे तो प्रत काढून देण्याचे शुल्क लावतोच, आणि कपाटात ते शिल्लक असेल तरच.

शिल्लक न राहण्याची कारणे रसायनशास्त्रात आहेत. सुरुवातीच्या फिल्मचा पाया नायट्रेटचा होता आणि तो भडकन पेटतो; २००३ साली पुण्यात नायट्रेट फिल्मना लागलेल्या आगीत कितीतरी जुने चित्रपट जळून गेले. नंतरची अ‍ॅसिटेटची फिल्म पेटत नाही, पण उष्ण-दमट हवेत तिचे विघटन होऊन अ‍ॅसिटिक आम्ल सुटते, फीत आकसते, वाकडी होते आणि डबा उघडताच व्हिनेगरचा वास नाकात जातो. तो वास आला की समजायचे, घाई करायला हवी. चुंबकीय टेपचे दुर्दैव निराळे: ती महाग होती म्हणून बीबीसीसारख्या संस्थेनेही साठच्या दशकातले अनेक कार्यक्रम पुसून टेप पुन्हा वापरल्या.

जुने चित्रण वापरायचेच नाही, असे ठरवणारेही आहेत. फ्रान्सचे क्लोद लान्झमन यांनी ज्यूंच्या संहारावर १९८५ साली साडेनऊ तासांचा ‘शोआ’ केला आणि त्यात जुन्या चित्रणाचा एक तुकडाही घेतला नाही. साक्षीदारांचे बोलणे आणि त्या जागांची आजची, गवताने भरलेली दृश्ये एवढेच त्यात आहे. कॅमेरा मारेकऱ्यांच्या हातात होता हे लक्षात घेतले की या नकाराचे वजन कळते.

आपल्याकडे मात्र बहुधा नकार देण्याइतकेही हाती नसते. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावे दादा, यांनी डिसेंबर १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हा मुंबईत त्यांच्या स्वागताचे चित्रण केले आणि ते भारतातला पहिला वृत्तपट मानले जाते. ते उरलेले नाही. दादासाहेब फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’च्या चार रिळांपैकी पहिले व शेवटचे अशी दोनच पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत. पी. के. नायर यांनी आयुष्य घालवून जो संग्रह तिथे उभा केला, त्यातला हा बहुधा सर्वाधिक वापरला गेलेला तुकडा असेल: भारतीय चित्रपटाबद्दलचा कोणताही कार्यक्रम घ्या, हरिश्चंद्र आपल्या मुलाला बाण सोडायला शिकवतो आहे आणि खाली ‘१९१३’ असे लिहिलेले आहे. अनेक अभ्यासकांच्या मते मात्र ही दोन रिळे १९१३ ची नसून फाळक्यांनी १९१७ साली पुन्हा केलेल्या ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’ची आहेत. वाद मिटलेला नाही. तोवर त्या दृश्याखाली कोणते वर्ष लिहायचे, आणि त्यापुढे प्रश्नचिन्ह टाकण्याइतकी जागा पडद्यावर ठेवायची का, हे प्रत्येक नव्या चित्रपटाच्या संकलकाला नव्याने ठरवावे लागते.